डग विल्यम्सचे सात सामने

चार विजय, तीन पराभव. अमेरिकन फुटबॉलच्या नोंदवहीत डग विल्यम्स या क्वार्टरबॅकच्या नावापुढे प्लेऑफचा हिशेब एवढाच आहे. या आकड्यावर त्याला कोणी थोर म्हणणार नाही. त्याच खेळात टॉम ब्रेडीच्या नावावर प्लेऑफचे ३५ विजय आहेत. पण नोंदवही कोण लिहितो, तिच्यात काय लिहिले जाते आणि काय गाळले जाते, हे ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या भोगले आहे, त्यांनी विल्यम्सचे हे सात सामने एकदा उघडून पाहिले पाहिजेत. 'गुणवत्ता' नावाचा शब्द आपल्या तोंडावर फेकला जातो तेव्हा तो कुठल्या कारखान्यात तयार होतो, हे त्यात स्वच्छ दिसते.

आधी खेळ थोडक्यात समजून घेऊ. आपण ज्याला फुटबॉल म्हणतो तो हा नव्हे. यात चेंडू लंबगोल असतो आणि बहुतेक वेळ हातातच असतो. दोन्ही बाजूंचे अकरा-अकरा जण मैदानात असतात. चेंडू ज्यांच्याकडे आहे त्यांना चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे असते. नाही जमले तर चेंडू गेला. आक्रमणाची प्रत्येक चाल क्वार्टरबॅकच्या हातातून सुरू होते. समोरच्यांची मांडणी वाचायची, सहकाऱ्यांना इशारा द्यायचा, अंगावर धिप्पाड माणसे धावून येत असताना दोन-तीन सेकंदांत ठरवायचे की चेंडू लांब फेकायचा, जवळ द्यायचा की स्वतःच पळायचे. हंगामाच्या शेवटी सरस संघांची बाद फेरी होते, तिला प्लेऑफ म्हणतात. हरला तो घरी. शेवटचा सामना म्हणजे सुपर बाऊल.

आता यातली गंमत पाहा. बचावाला वेगळे अकरा जण उतरतात, त्या वेळी क्वार्टरबॅक बाकावर बसून पाणी पीत असतो. लाथ मारून चेंडू खांबांमधून घालवणारा आणखी वेगळा. तरीही सामना जिंकला किंवा हरला की तो क्वार्टरबॅकच्या खात्यात जमा होतो. क्रिकेटमध्ये कर्णधाराच्या नावावर विजय-पराजय मोजतात, तसेच. खेळ साऱ्या संघाचा आणि सातबारा एकाच्या नावावर!

अशी ही मानाची, अधिकाराची, डोके चालवण्याची जागा. साहजिकच ती गोऱ्यांसाठी राखीव होती. १९३४ ते १९४५ या काळात नॅशनल फुटबॉल लीगमध्ये एकही कृष्णवर्णीय खेळाडू नव्हता. लेखी नियम कुठेच नव्हता. नियम लेखी नसला की मोडता येत नाही आणि न्यायालयात आव्हानही देता येत नाही. अशा अलिखित नियमांशी आपला परिचय जुना आहे. पुढे दार उघडले तरी आतल्या घरात सोवळे कायम राहिले. कृष्णवर्णीयांनी धावावे, झेलावे, आडवे पडून अडवावे. चाल कोणती खेळायची हे त्यांनी ठरवायचे नाही. कारण काय, तर म्हणे त्यांच्या अंगात वेग आहे, पण डोक्यात तो खेळ बसत नाही.

१९६८ साली डेन्व्हर ब्रॉंकोज संघात मार्लिन ब्रिस्को नावाच्या नवख्या कृष्णवर्णीय खेळाडूला नाइलाजाने क्वार्टरबॅकची जागा द्यावी लागली. त्याने त्या हंगामात १४ टचडाउन पास फेकले. बक्षीस काय? पुढच्या वर्षी ती जागा त्याला दिली नाही. तो बफेलोला गेला आणि तिथे पास फेकण्याऐवजी झेलणारा झाला. त्याच वर्षी ओकलंडच्या संघाने एल्ड्रिज डिकी या कृष्णवर्णीय क्वार्टरबॅकला पहिल्या फेरीत निवडले आणि केन स्टेबलर या गोऱ्या क्वार्टरबॅकला दुसऱ्या फेरीत. क्वार्टरबॅक म्हणून नाव कोणाचे झाले? दुसऱ्या फेरीतल्याचे. डिकीलाही झेल घेणाऱ्यांच्या रांगेत उभे केले गेले. १९७४ च्या डिसेंबरात लॉस एंजेलिस रॅम्सच्या जेम्स हॅरिसने वॉशिंग्टनला १९–१० असे हरवले, तेव्हा कुठे एका कृष्णवर्णीय क्वार्टरबॅकच्या खात्यावर प्लेऑफचा पहिला विजय लागला. लीग तोवर अर्धशतक ओलांडून गेली होती.

हॅरिस ज्या ग्रॅम्बलिंग महाविद्यालयातून आला, त्याच महाविद्यालयातून डग विल्यम्स आला. लुइझियाना राज्यातले हे कृष्णवर्णीयांचे महाविद्यालय आणि तिथले प्रशिक्षक एडी रॉबिन्सन. वेगळे पाडलेल्या समाजाने स्वतःच्या बळावर उभ्या केलेल्या संस्था काय करू शकतात याचा हा एक दाखला. १९७८ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे महाविद्यालयीन खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, टँपा बेच्या संघाने विल्यम्सला पहिल्या फेरीत सतराव्या क्रमांकावर घेतले. त्याला पाहण्यासाठी ग्रॅम्बलिंगला गेलेला सहायक प्रशिक्षक होता जो गिब्स. हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. त्याच १९७८ साली वॉरन मून हा दुसरा गुणी कृष्णवर्णीय क्वार्टरबॅकही महाविद्यालयातून बाहेर पडला होता. पण आपल्याला क्वार्टरबॅक म्हणून कोणी घेणार नाही हे ओळखून त्याने ड्राफ्टच्या आधीच कॅनडाची वाट धरली. तिथे एडमंटनच्या संघाने ओळीने पाच वेळा देशाचे अजिंक्यपद मिळवले. मायदेशी परतायला त्याला १९८४ उजाडले. त्याची ती सहा वर्षे अमेरिकेच्या नोंदवहीत कोरी आहेत.

टँपा बेचा संघ १९७६ साली जन्मला आणि पहिले २६ सामने ओळीने हरला. टवाळीचा विषय झालेला संघ. विल्यम्स आल्यावर दुसऱ्याच वर्षी, १९७९ मध्ये, हा संघ प्लेऑफमध्ये गेला आणि पहिल्याच सामन्यात त्याने फिलाडेल्फियाला २४–१७ असे हरवले. खरे सांगायचे तर तो दिवस रिकी बेल या धावणाऱ्या गड्याचा होता. त्याने ३८ वेळा चेंडू घेऊन १४२ यार्ड काढले. नोंद विल्यम्सच्या नावावर झाली. एक विजय.

दुसरा सामना ६ जानेवारी १९८०, लॉस एंजेलिसविरुद्ध. जिंकला असता तर सुपर बाऊल. विल्यम्सने १३ पास फेकले, त्यातले दोनच पोचले, आणि दंडाचा स्नायू फाटल्याने त्याला बाहेर जावे लागले. त्याच्या जागी आलेल्या राखीव गोऱ्या क्वार्टरबॅकचेही १३ पैकी दोनच पोचले. म्हणजे त्या दिवशी टँपाच्या कोणालाच काही जमले नाही. सामना ०–९ असा गेला. पण राखीव गड्याच्या नावावर हा पराभव नाही. पराभव एक, खातेदार विल्यम्स.

तिसरा सामना २ जानेवारी १९८२, डॅलसमध्ये. ०–३८. चार वेळा त्याचा पास प्रतिस्पर्ध्यांनी पळवला. इथे सारवासारव करण्याचे कारण नाही, तो दिवस वाईटच होता. चौथा सामना एक वर्षाने पुन्हा डॅलसमध्येच. शेवटच्या टप्प्याला सुरुवात झाली तेव्हा टँपा एका गुणाने पुढे होता. मग विल्यम्सचा एक पास पळवला गेला, पळवणाऱ्याने तो थेट टचडाउनपर्यंत नेला आणि सामना १७–३० असा गेला.

चार सामने, एक विजय, तीन पराभव. इथे नोंदवही थांबवली तर निकाल काय निघतो? गोऱ्या वार्ताहरांच्या आणि मालकांच्या तोंडी जो निकाल आधीपासून तयारच होता तो: यांना मोठे सामने जमत नाहीत. वकिली करणाऱ्याला यातली मेख चटकन कळते. गोरा क्वार्टरबॅक हरला की तो एकटा हरतो. कृष्णवर्णीय क्वार्टरबॅक हरला की तो पुरावा ठरतो, आणि तो पुरावा अजून जन्माला न आलेल्या मुलाविरुद्धही वापरला जातो. एका आरोपीवरचा खटला आणि शिक्षा साऱ्या वस्तीला, असा न्याय जगात कुठल्या कायद्यात बसतो?

त्या पाच वर्षांत विल्यम्सला पगार काय होता? १९८२ मध्ये वर्षाला १ लाख २० हजार डॉलर. लीगमध्ये नियमित खेळणाऱ्या क्वार्टरबॅकमध्ये तो सर्वांत कमी होता; कित्येक संघांत बाकावर बसणाऱ्या राखीव क्वार्टरबॅकनाही त्याहून जास्त मिळत होते. चार वर्षांत तीन वेळा प्लेऑफ दाखवणाऱ्या माणसाने ६ लाख मागितले. मालक ह्यू कल्व्हरहाउस ४ लाखांच्या वर सरकेना. एप्रिल १९८३ मध्ये विल्यम्सची पत्नी मेंदूच्या गाठीने वारली, मुलगी अवघ्या काही महिन्यांची होती. त्याने टँपा सोडले आणि नव्याने निघालेल्या दुसऱ्या लीगमधल्या ओक्लाहोमाच्या संघाशी करार केला. टँपाचे काय झाले? १९८३ साली दोन विजय, चौदा पराभव. तिथून १९९६ पर्यंत ओळीने चौदा हंगाम त्या संघाचे पराभव विजयांपेक्षा जास्त राहिले. वाचवलेले दोन लाख डॉलर मालकाला बरेच महाग पडले म्हणायचे.

याच १९८३ च्या वसंतात दुसरा एक तरुण क्वार्टरबॅक वाटाघाटी करत होता. जॉन एल्वे, गोरा, ड्राफ्टमधला पहिल्या क्रमांकाचा. बाल्टिमोरने त्याला निवडले, तर हा म्हणाला, तुमच्याकडे खेळणार नाही, नाही तर बेसबॉल खेळायला जातो. अजून लीगमध्ये एकही पास न फेकलेला मुलगा! बाल्टिमोरने त्याला डेन्व्हरच्या हवाली केले आणि त्याला हवे ते मिळाले. त्याच्यावर टीका झाली नाही असे नाही. पण त्याची जागा शाबूत राहिली. एकाच वर्षी दोघांनी आपली किंमत मागितली. एकाला संघ मिळाला, एकाची त्या लीगमधली जागाच गेली. या एल्वेची आणि विल्यम्सची गाठ पुढे पडायची होती.

ती नवी लीग १९८६ मध्ये बंद पडली. विल्यम्स ३१ वर्षांचा, बेकार. त्याला बोलावले जो गिब्सने. तो आता वॉशिंग्टनचा मुख्य प्रशिक्षक होता. जागा मात्र राखीव क्वार्टरबॅकची. १९८६ च्या साऱ्या हंगामात विल्यम्सने एकच पास फेकला, तोही पोचला नाही.

आता या वॉशिंग्टन संघाची कुळकथा सांगणे भाग आहे, कारण सहावा सामना तिच्यावाचून समजणार नाही. लीगमधला कृष्णवर्णीयांना घेणारा सर्वांत शेवटचा संघ हाच. मालक जॉर्ज प्रेस्टन मार्शल. लीगमधल्या बाकी साऱ्या संघांत कृष्णवर्णीय आले तरी याच्याकडे बंदी. दक्षिणेकडच्या गोऱ्या प्रेक्षकांना खूश ठेवण्याचा त्याचा धंदा होता. बरे, संघाचे नाव तरी काय होते? अमेरिकेच्या मूलनिवासींना त्यांच्या कातडीच्या रंगावरून दिलेली शिवी. ते नाव २०२० साली टाकले गेले. मार्शल १९६९ मध्ये मेला तेव्हा मृत्युपत्रात त्याने मुलांच्या कल्याणासाठी एक निधी ठेवला आणि अट घातली की यातला पैसा वर्णीय एकात्मतेच्या कोणत्याही कामाला लावायचा नाही. मरताना दानधर्म करतानाही विटाळ विसरला नाही.

मग हा माणूस १९६२ मध्ये कसा नमला? हृदयपरिवर्तनाने नव्हे. राजधानीत नवे स्टेडियम बांधले गेले होते आणि ते सरकारच्या जमिनीवर होते. मार्शलने तिथे खेळण्याचा तीस वर्षांचा करार केला होता. केनेडी सरकारातले गृहविभागाचे, म्हणजे तिकडच्या सार्वजनिक जमिनींच्या खात्याचे, मंत्री स्टुअर्ट उडॉल यांनी १९६१ मध्ये त्याला कळवले की सरकारी जमिनीवर नोकरीत भेदभाव चालणार नाही. भेदभाव करायचा तर मैदान दुसरे शोधा. मार्शलने आरडाओरडा केला आणि मग बॉबी मिचेलसह कृष्णवर्णीय खेळाडू घेतले.

असे पहिल्यांदाच घडले होते असेही नाही. १९४६ मध्ये क्लीव्हलंडचा रॅम्स संघ लॉस एंजेलिसला आला आणि तिथले कोलिझियम मैदान त्याने मागितले. ते मैदान जनतेच्या पैशाने बांधलेले. मैदानाच्या मंडळापुढे सुनावणी झाली तेव्हा हॅली हार्डिंग हा कृष्णवर्णीयांच्या 'लॉस एंजेलिस ट्रिब्यून' या वृत्तपत्राचा क्रीडा लेखक उभा राहिला. त्याने विचारले, आमच्या करातून उभ्या राहिलेल्या मैदानावर आम्हालाच बंदी असलेला खेळ कसा चालेल? रॅम्सने केनी वॉशिंग्टनला करारबद्ध केले आणि बारा वर्षांची बंदी संपली. एका छोट्या समाजाच्या छोट्या वृत्तपत्राचा माणूस आणि एक नेमका कायदेशीर मुद्दा! आपल्या वृत्तपत्रांना कमी लेखणाऱ्या आपल्याच काही सुशिक्षितांनी हे प्रकरण जरूर वाचावे. केनी वॉशिंग्टनचे दुर्दैव हे की दार उघडेपर्यंत तो २७ वर्षांचा झाला होता आणि गुडघे निकामी व्हायला लागले होते. नोंदवहीत त्याचे लीगमधले आकडे सामान्य दिसतात. दिसणारच.

(ही सार्वजनिक जमिनीची किल्ली दोन्ही बाजूंनी फिरते, हेही ध्यानात ठेवावे. राजधानीतल्या त्याच जुन्या स्टेडियमच्या जागी नवे बांधण्याची बोलणी चालू असताना जुलै २०२५ मध्ये राष्ट्राध्यक्ष ट्रम्प यांनी संघाला बजावले की ते जुने नाव परत आणा, नाही तर स्टेडियमच्या करारात अडथळा आणू. १९६१ मध्ये ज्या अटीने दार उघडले, तीच युक्ती शिवी परत आणण्यासाठी.)

तर १९८७. त्या हंगामात विल्यम्सने साखळीत दोनच सामन्यांची सुरुवात केली आणि दोन्ही संघ हरला. नोंद ०–२. पण नोंदीत न दिसणारी गोष्ट वेगळीच होती. नियमित गोरा क्वार्टरबॅक जे श्रोडर अडखळला की विल्यम्स मधूनच मैदानात यायचा आणि सामना काढून द्यायचा. असे जिंकून दिलेले सामने श्रोडरच्या खात्यात जमा होत, कारण सुरुवात त्याने केलेली. मेहनत एकाची आणि पावती दुसऱ्याच्या नावाची, हा अनुभव आपल्या वाचकांना नवा नाही. गिब्सला मात्र डोळे होते. त्याने प्लेऑफसाठी नोंदवही बाजूला ठेवली आणि विल्यम्सला उतरवले.

पाचवा सामना १० जानेवारी १९८८, शिकागोच्या कडाक्याच्या थंडीत. ०–१४ अशा पिछाडीवरून वॉशिंग्टनने तो २१–१७ असा जिंकला. निर्णायक टचडाउन डॅरेल ग्रीन या बचावातल्या गड्याने ५२ यार्ड पळून केला. सहावा सामना १७ जानेवारीला मिनेसोटाविरुद्ध, आणि कुठे? राजधानीतल्या त्याच स्टेडियमवर, ज्याच्या जमिनीच्या अटीने मार्शलला नमवले होते. विल्यम्सचे २६ पैकी फक्त ९ पास पोचले. आकडेवारीने पाहिले तर हा दिवस हरलेल्या काही दिवसांहून फार चांगला नव्हता. पण त्या नवांपैकी दोन टचडाउनचे होते आणि शेवटी मिनेसोटाच्या खेळाडूच्या हातातून गोलरेषेवर झेल सुटला. १७–१०. तो झेल टिकला असता तर सामना बरोबरीत जाऊ शकला असता आणि कदाचित आज विल्यम्सची नोंद ४–३ ऐवजी वेगळीच असती. मी म्हणतो ते एवढेच, की दुसऱ्याच्या बोटांतून निसटलेल्या चेंडूवर ज्या नोंदी ठरतात, त्यांवरून एका वंशाची बुद्धी मोजायला बसणारे लोक स्वतःच्या बुद्धीचे प्रदर्शन करत असतात.

सातवा सामना म्हणजे ३१ जानेवारी १९८८ चा सुपर बाऊल, सॅन डिएगो. समोर डेन्व्हर आणि जॉन एल्वे. सुपर बाऊलमध्ये क्वार्टरबॅक म्हणून सुरुवात करणारा विल्यम्स हा पहिला कृष्णवर्णीय. त्या आठवड्यात पत्रकारांनी त्याला दुसरे काही विचारलेच नाही म्हटले तरी चालेल. तुम्ही कधीपासून कृष्णवर्णीय क्वार्टरबॅक आहात, असा प्रश्न विचारला गेला ही दंतकथा जगभर पसरली आहे. खरे म्हणजे विचारणाऱ्याचा रोख निराळा होता. तुम्ही आयुष्यभर कृष्णवर्णीय क्वार्टरबॅक आहातच, पण याला महत्त्व कधीपासून येऊ लागले, असे तो विचारत होता. गोंगाटात विल्यम्सला ते वेगळे ऐकू आले. पत्रकाराला न्याय म्हणून हे सांगितले पाहिजे. मात्र चुकीचे ऐकलेले ते वाक्य सगळ्या जगाला खरे वाटले, कारण त्या आठवड्यात तसा प्रश्न कोणी विचारणे अशक्य नव्हते.

सामन्याच्या आदल्या दिवशी विल्यम्स दाताच्या डॉक्टरच्या खुर्चीत होता, रूट कॅनालसाठी. सामना सुरू झाला आणि पहिल्याच चालीत एल्वेने ५६ यार्डांचा टचडाउन पास फेकला. थोड्याच वेळात १०–०. तोवर झालेल्या कोणत्याही सुपर बाऊलमध्ये दहा गुणांची पिछाडी भरून काढून कोणी जिंकले नव्हते. त्यात विल्यम्सचा पाय घसरला आणि गुडघा मुरगळला. तो खाली पडला, श्रोडर आत आला. दोन चालींनंतर विल्यम्स लंगडत परत आला.

मग दुसरा टप्पा सुरू झाला. पहिल्याच चालीत रिकी सँडर्सला ८० यार्डांचा पास, टचडाउन. मग गॅरी क्लार्कला २७ यार्डांचा. मग टिमी स्मिथ ५८ यार्ड धावत गेला. मग पुन्हा सँडर्स, ५० यार्ड. मग क्लिंट डिडियर, ८ यार्ड. अठरा चालींत पाच टचडाउन, पंधरा मिनिटांच्या खेळात ३५ गुण. त्या एका टप्प्यात विल्यम्सचे ११ पैकी ९ पास पोचले, २२८ यार्ड मिळाले आणि त्यात चार टचडाउन. मुरगळलेल्या गुडघ्यावर, दुखऱ्या दाताने. सामना ४२–१० असा संपला. विल्यम्सचे एकूण ३४० यार्ड हा त्या वेळचा सुपर बाऊलचा विक्रम होता. सामनावीर अर्थात तोच.

चार–तीन. हिशेब पुरा झाला.

पुढचा हंगाम सुरू झाला आणि अपेंडिक्सच्या शस्त्रक्रियेने त्याला बाहेर बसवले. १९८९ मध्ये पाठीची शस्त्रक्रिया झाली. १९९० मध्ये वॉशिंग्टनने त्याला मोकळे केले आणि त्यानंतर तो लीगमध्ये खेळला नाही. आता ३४ वर्षांच्या जायबंदी खेळाडूला संघ सोडतात, त्यात सगळाच वर्णद्वेष शोधणे बरे नव्हे. पण त्याच्या उमेदीची वर्षे आधीच गेली होती. २७ व्या वर्षी टँपा सोडलेला माणूस ३२ व्या वर्षी पुढचा प्लेऑफ खेळला. मधली पाच वर्षे कोणी खाल्ली?

इथे पुन्हा एल्वेकडे पाहू. त्याच्याविषयी माझ्या मनात आकस नाही, खेळाडू मोठाच. १९८७ च्या जानेवारीत तो सुपर बाऊल २०–३९ असा हरला. १९८८ मध्ये विल्यम्सकडून १०–४२. १९९० मध्ये सॅन फ्रान्सिस्कोकडून १०–५५! तीन सुपर बाऊल, तीनही लाजिरवाणे पराभव. कोणी म्हटले नाही की गोऱ्यांना हा खेळ डोक्यात बसत नाही. कोणी त्याला झेल घेणाऱ्यांच्या रांगेत उभे केले नाही. डेन्व्हरने त्याला सोळा हंगाम ठेवले, आणि १९९८ व १९९९ मध्ये तो ओळीने दोन सुपर बाऊल जिंकला. त्याची प्लेऑफची नोंद आहे १४–७. सात पराभव! जितके पराभव एल्वेला परवडले, तितके विल्यम्सचे एकूण सामने आहेत. एल्वे २००४ मध्ये या खेळाच्या कीर्तिमंदिरात गेला. खेळाडू म्हणून विल्यम्सचे नाव तिथे नाही.

विल्यम्सनंतर सुपर बाऊल जिंकणारा दुसरा कृष्णवर्णीय क्वार्टरबॅक रसेल विल्सन. साल २०१४. मध्ये २६ वर्षे गेली. त्यानंतर मात्र चित्र झपाट्याने बदलले. २०२३ च्या सुपर बाऊलमध्ये पहिल्यांदाच दोन्ही बाजूंचे क्वार्टरबॅक कृष्णवर्णीय होते, पॅट्रिक माहोम्स आणि जेलन हर्ट्स. माहोम्सने तो ३८–३५ असा जिंकला, हर्ट्सने २०२५ मध्ये ४०–२२ अशी परतफेड केली. फेब्रुवारी २०२५ अखेर माहोम्सची प्लेऑफची नोंद १७–४ होती. मेंदूचा सिद्धांत मांडणारे आता कुठे आहेत, ते कळायला मार्ग नाही.

ते अगदीच गप्प झाले म्हणावे तर बाल्टिमोरच्या लमार जॅक्सनचे प्रकरण समोर आहे. २०१८ च्या ड्राफ्टआधी बिल पोलियन या कीर्तिमंदिरात बसलेल्या जाणकाराने सांगितले की या मुलाने क्वार्टरबॅकचा नाद सोडून झेल घेणारा व्हावे. ब्रिस्कोला पन्नास वर्षे झाली होती, सल्ला तोच. जॅक्सनच्या आधी चार क्वार्टरबॅक निवडले गेले, हा पहिल्या फेरीत अगदी शेवटी, बत्तिसाव्या क्रमांकावर. दुसऱ्याच वर्षी, २०१९ मध्ये, तो एकमताने लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. पोलियन यांनी आपले चुकले असे कबूल केले, हे त्यांच्या बाजूने नोंदवतो. २०२३ मध्ये जॅक्सन पुन्हा सर्वोत्तम ठरला. मग नवे कलम लागले: प्लेऑफमध्ये याचे काय? जानेवारी २०२५ पर्यंत नोंद तीन विजय, पाच पराभव. त्यातल्या काही सामन्यांत तो खरोखरच वाईट खेळला, विशेषतः सुरुवातीच्या. पाचवा पराभव बफेलोच्या बर्फात, १९ जानेवारी २०२५. दीड-दोन मिनिटे उरली असताना त्याने टचडाउन पास फेकून संघाला २५–२७ वर आणले. बरोबरीसाठी दोन गुणांची एक चाल मिळाली. पास मार्क अँड्र्यूजच्या हातात पोचला आणि सुटला. नोंदवहीत तो पराभव जॅक्सनच्या नावावर आहे.